चलन वसूल करण्याआधी ते माणसापर्यंत पोहोचवा

प्रति,
मा. परिवहन मंत्री, महाराष्ट्र राज्य
मा. परिवहन आयुक्त
मा. अपर पोलीस महासंचालक (वाहतूक)

विषय : थकीत ई-चलनांची वसुली

महोदय,

सादर नमस्कार.

एका जिल्ह्याच्या गावी आरटीओसमोर माझे ऑनलाइन कामांचे छोटे दुकान आहे. लर्निंग लायसनचा फॉर्म, गाडीची ट्रान्स्फर, बँकेचा बोजा उतरवणे, रिक्षाचे पासिंग (योग्यता प्रमाणपत्र), ही कामे मी सोळा वर्षे करतो आहे. गेल्या काही वर्षांत दुकानात एक वाक्य रोज कानावर पडते : "जरा गाडीवर काही पडलंय का बघा." मी गाडीचा नंबर टाकतो, चेसिसचे शेवटचे चार आकडे टाकतो आणि पडद्यावर यादी येते. कधी दोन ओळींची, कधी वीस ओळींची. बहुतेकांना त्यातली निम्मी चलने तिथेच, माझ्या बाकावर बसून पहिल्यांदा कळतात. हे पत्र त्या बाकावर बसणाऱ्या माणसांसाठी आहे.

दंड माफ करा, असे मी म्हणत नाही. माझ्या बहिणीचा नवरा हेल्मेट न घालता घरातून निघाला आणि दीड किलोमीटरवर अपघातात गेला. भाची तेव्हा चौथीत होती. २०२२ आणि २०२३ या दोन्ही वर्षी आपल्या राज्यातल्या रस्त्यांवर १५ हजारांहून जास्त माणसे मेली. आमच्यासारख्या घरातला माणूस दंडाच्या विरोधात कसा असेल? कॅमेरे लावा, दंड घ्या, पुरता घ्या. पण आज वसुली ज्या तऱ्हेने चालली आहे, तिने दंडाचा धाक उरलेला नाही. उरली आहे ती फक्त बाकी.

गेल्या पावसाळ्यात एक मावशी आल्या होत्या. घरी मेस चालवतात आणि दुपारचे डबे स्वतः स्कूटरवरून पोहोचवतात. स्कूटर विकून जुना तीनचाकी टेम्पो घ्यायचा त्यांचा विचार होता. गिऱ्हाईक ठरले होते, इसारही घेतला होता. यादी काढली तर सात चलने. सातही नो-पार्किंगची, एकाच रस्त्यावरची, सगळी दुपारी बारा ते एकच्या मधली. पहिले ५०० रुपयांचे आणि पुढची सहा प्रत्येकी १,५०० रुपयांची, कारण डिसेंबर २०२१ पासून राज्यात पहिल्या वेळेला ५०० आणि पुन्हा केल्यास १,५०० असा दर आहे. एकूण साडेनऊ हजार. पहिल्या चलनाला तोवर दोन वर्षे होऊन गेली होती. एका ऑफिसात आठ डबे द्यायचे असतात, पाच मिनिटांचे काम, तेवढ्यात गाडी खाली उभी. मी मुद्दाम जाऊन तो रस्ता पाहिला. तिथे सम-विषम तारखेच्या पार्किंगचा, पी-१ पी-२ चा, बोर्ड आहे. पण गुलमोहराची फांदी त्याच्यावर अशी आली आहे की शेजारी उभे राहून मान वर केल्याशिवाय अक्षर दिसत नाही.

मावशी ओरडल्या नाहीत, कुणाला शिव्याही दिल्या नाहीत. एवढेच म्हणाल्या, "मला पहिल्याच वेळी कुणी सांगितलं असतं, तर दुसऱ्या दिवसापासून गाडी चौकापलीकडे लावली असती."

महोदय, वाहतुकीचा दंड असतो तो याच एका गोष्टीसाठी ना? माणसाने दुसऱ्या दिवसापासून गाडी चौकापलीकडे लावावी म्हणून. मावशींच्या बाबतीत सात वेळा फोटो निघाला, सात वेळा रक्कम चढली आणि तो रस्ता दोन वर्षे तसाच अडत राहिला. 'पुन्हा केलेला गुन्हा' म्हणून तिप्पट दर लावताना पहिला गुन्हा तिला कळवला होता का, हे कुणी पाहिले नाही.

मेसेज का गेला नाही, तेही सांगतो. स्कूटर घेतली तेव्हा शोरूममधल्या पोराने कागद लवकर व्हावेत म्हणून नोंदणीत स्वतःचाच मोबाइल नंबर टाकला होता. आमच्या धंद्यातही हे सर्रास चालत असे. दर वेळी ओटीपीसाठी गिऱ्हाइकाला फोन करत बसायला नको, म्हणून आपलाच नंबर द्यायचा. सुरुवातीच्या वर्षांत मीही काही गाड्यांना माझा नंबर दिला. ती चूक माझी आहे आणि तिची मला लाज वाटते. त्या गाड्यांची चलने आजही माझ्या मोबाइलवर येतात. गाडी कोणाची ते आठवून, जुन्या वह्या चाळून मी मालकाला कळवतो. काही मालक सापडतात. काहींचे नंबर बदललेत, काही गाव सोडून गेलेत. त्यांच्यासाठी आलेला मेसेज मी नुसता वाचून ठेवतो. शासनाच्या लेखी मात्र 'मेसेज पाठवला' ही नोंद पूर्ण झालेली असते.

केंद्रीय मोटार वाहन नियमांत २०२१ च्या ऑगस्टमध्ये १६७-अ हा नियम आला. तो मी माझ्या काउंटरच्या काचेखाली लावून ठेवला आहे. कॅमेऱ्याने पकडलेल्या गुन्ह्याची नोटीस गुन्हा घडल्यापासून १५ दिवसांत पाठवायची, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. नोटिशीसोबत गुन्हा आणि नंबरप्लेट दिसेल असा फोटो, यंत्राने मोजलेले माप, तारीख, वेळ, जागा आणि कायद्याचे कोणते कलम मोडले हे सगळे असले पाहिजे. यंत्राला दर वर्षी मंजुरी घ्यायची आहे. ज्या पट्ट्यात कॅमेरे आहेत, त्याच्या आधी ठळक सूचनाफलक लावायचा आहे. नियम लिहिणाऱ्याने गाडीवाल्याचा किती विचार केला आहे बघा. फोटो यंत्राने काढला काय किंवा कोपऱ्यावर उभ्या शिपायाने काढला काय, माणसाला वेळेत कळवण्याची गरज तीच राहते. ते होत नाही, आणि पुढची सगळी गुंतागुंत तिथून सुरू होते.

आता एका शब्दाबद्दल लिहितो, कारण या पत्राचे मूळ त्या शब्दात आहे. पेपरात, सरकारी निवेदनात, नाक्यावरच्या शिपायाच्या तोंडी, सगळीकडे 'थकबाकी' म्हणतात. ई-चलनांची थकबाकी, थकबाकीदार वाहनचालक. वीजबिल थकते. घरपट्टी थकते. वाहन करही थकतो; १९५८ च्या कायद्याप्रमाणे तो जमीन महसुलाच्या थकबाकीसारखा वसूल करता येतो, आणि त्याबद्दल माझी काहीच तक्रार नाही, कारण ते देणे ठरलेले असते. चलनाचे तसे नसते. मोटार वाहन कायद्याच्या कलम २०० प्रमाणे चलनावरची रक्कम तडजोडीची असते. गुन्हा कबूल असेल तर एवढे भरा आणि विषय संपवा. कबूल नसेल तर न्यायालयात जा आणि आपली बाजू मांडा. म्हणजे न भरलेले चलन हा निकाल न लागलेला आरोप आहे. ज्याच्यावर आरोप आहे, त्याला आपण आधीच थकबाकीदार म्हणू लागलो आणि त्याला वागवायची पद्धतही तशीच झाली.

आरोप असेल तर तो वेळेत न्यायालयात गेला पाहिजे. ज्या गुन्ह्याला फक्त दंडाची शिक्षा आहे, त्याची दखल घ्यायला सहा महिन्यांची मुदत आहे. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४६८ मध्ये ती होती आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५१४ मध्येही आहे. योग्य कारण असेल तर न्यायालय उशीर माफ करू शकते, हे मला ठाऊक आहे. पण ज्या चलनाला तीन-तीन, चार-चार वर्षे झाली, जे कधी न्यायालयात गेलेच नाही आणि रद्दही झाले नाही, ते कोणत्या हिशेबात धरायचे? ते नुसते पडद्यावर लटकत राहते. आणि मग वर येते कधी? माणूस अडलेला असतो तेव्हा. रिक्षाचे पासिंग उद्या संपत असते, गाडीचा इसार घेतलेला असतो, नाहीतर नाक्यावर गाडी बाजूला घेऊन "आधी जुनं सगळं क्लिअर करा" असे सांगितले जाते आणि मागे भाजीच्या क्रेट उन्हात असतात. अशा वेळी माणूस चलन बरोबर की चूक हे बघत नाही. भरतो आणि सुटतो.

एक बाई नवऱ्याच्या मृत्यूनंतर त्याची मोटारसायकल मुलाच्या नावावर करायला आल्या. वारसाचे कागद, मृत्यूचा दाखला, सगळे नीट पिशवीत घालून आणले होते. गाडीवर चार चलने निघाली. त्यांनी मला विचारले, "हे त्यांनी केलेलं. ते गेले. आता मी कबूल केलं असं म्हणून भरायचं का?" मला उत्तर देता आले नाही. जो खटला न्यायालयात उभाच राहिला नाही, त्यातला आरोपीही आता नाही. तरी कामासाठी आलेल्या त्या बाईला मी शेवटी भरूनच टाका असे सांगितले. तो सल्ला मी मनाविरुद्ध दिला होता.

चुकीच्या चलनांचे दुखणे निराळेच. नंबरप्लेटवरचा ३ आणि ८ यांत घोळ होतो, बी आणि डी यांत होतो. छोटा हत्ती, म्हणजे छोटा मालवाहू टेम्पो, चालवणाऱ्या एकाला 'विना हेल्मेट' चे चलन आले होते. फोटोत लाल मोटारसायकल स्वच्छ दिसत होती. आम्ही ऑनलाइन तक्रार केली, टेम्पोचा फोटो जोडला, आरसीही (गाडीचे नोंदणीपत्र) जोडली. काही दिवसांनी उत्तर आले की चलन योग्य आहे. इंग्रजीतले दोन शब्द, खाली कुणाचे नाव नाही, पुढे कुठे जायचे तेही नाही. दुसऱ्यांदा केली, तेच उत्तर. त्याने एक दिवस धंदा बुडवून वाहतूक शाखेत चक्कर मारली. तिथे सांगितले की चलन दुसऱ्या शहराचे आहे, तिकडे जा. ते शहर दोनशे किलोमीटर लांब. पाचशे रुपयांच्या चलनासाठी दोनशे किलोमीटर कोण जाईल? त्याने भरले. सरकारी खात्यात एक चलन 'वसूल' झाले आणि ती लाल मोटारसायकल आजही विना हेल्मेट फिरत असेल.

मेसेजचीही आता लोकांना भीती वाटते. आरटीओ चलनाच्या नावाने व्हॉट्सअॅपवर एपीके फाइल (मोबाइलमध्ये अॅप घुसवणारी) पाठवून बँक खाती रिकामी करणाऱ्या टोळ्यांनी गावोगाव माणसे लुटली आहेत. माझ्या शेजारच्या सलूनवाल्याचे चाळीस हजार गेले. तेव्हापासून खरा मेसेज आला तरी लोक तो पुसून टाकतात, आणि मी त्यांना दोष देत नाही. जी नोटीस पोस्टाने घरी यायला हवी, ती केवळ लिंक होऊन आली की असेच होणार.

वसुली होत नाही म्हटल्यावर लोकअदालतीचा मार्ग आला. मला लोकअदालतीबद्दल आदर आहे. १९८७ च्या विधी सेवा कायद्याने गरिबाला दिलेली ती चांगली सोय आहे, आणि तिचा सगळा आधार दोन्ही बाजूंच्या संमतीवर आहे. पण हजारो लोकांना एकाच वेळी मेसेज जातो की अमुक तारखेला हजर राहा, नाहीतर कारवाई होईल. तेव्हा त्यातला संमतीचा भाग लोकांपर्यंत पोहोचतच नाही. लोकांना कळते ते एवढेच की तिथे कमी होते. आता माझ्या दुकानात लोक विचारतात, "आत्ता कशाला भरू? लोकअदालतीत निम्मे होतील ना?" सवलतीची नुसती अफवा उठली तरी महिनाभर माझ्याकडे एकही चलन भरले जात नाही.

शेजारच्या राज्यांनी उघड सवलती दिल्या. तेलंगणने मार्च २०२२ मध्ये दुचाकींच्या जुन्या चलनांवर ७५ टक्के सूट दिली. पावणेदोन वर्षांनी, डिसेंबर २०२३ मध्ये, पुन्हा दिली आणि या वेळी ती दुचाकी-तीनचाकींना ८० टक्के होती. कर्नाटकाने फेब्रुवारी २०२३ मध्ये निम्मी रक्कम माफ केली आणि २०२५ मध्ये पुन्हा तेच केले. रांगा लागल्या, तिजोरीत पैसा आला, सगळे खरे. पण एकदा सूट दिली की दुसरी द्यावी लागते, हे या दोन्ही राज्यांकडे बघून दिसते. आपल्याकडेही २०२५ च्या जुलैमध्ये मालवाहतूकदारांनी संप केला तेव्हा जुनी चलने माफ करा ही मागणी होतीच. त्यांचा राग मला समजतो, चुकीच्या चलनांनी ते खरोखर पिचले आहेत. तरीही मी तुम्हाला हात जोडून सांगतो, सरसकट सूट देऊ नका.

माझ्याकडे एक शिक्षिका येतात. सिग्नल तुटला, चलन आले, की त्याच संध्याकाळी येऊन पैसे भरतात. मला म्हणतात, "चूक माझी होती." पाच वर्षे न भरणाऱ्याला उद्या तुम्ही पाव किमतीत सोडले, तर या बाईंना मी कोणत्या तोंडाने पावती देऊ? आणि ज्याचे चलनच खोटे आहे, त्याला पंचाहत्तर टक्के सूट देऊन काय उपयोग? त्याच्याकडून एक रुपयाही घेता कामा नये.

हीच गोष्ट शुल्कांची. रिक्षा-टेम्पोच्या योग्यता प्रमाणपत्राला उशीर झाला तर दिवसाला ५० रुपये, हा नियम २०१६ च्या डिसेंबरमधल्या केंद्राच्या अधिसूचनेने आला. वर्षभर गाडी उभी राहिली तर ३६५ गुणिले ५०, म्हणजे १८,२५० रुपये. ज्याची रिक्षा आजारपणात वर्षभर अंगणात ताडपत्रीखाली होती, रस्त्यावर आलीच नाही, त्यालाही हाच हिशेब. २०२४ मध्ये रिक्षा-टॅक्सीवाल्यांनी आंदोलने केल्यावर राज्य सरकारने या वसुलीला स्थगिती दिली. तो दिलासा मोठा होता आणि त्याबद्दल मी सरकारचे मनापासून आभार मानतो. पण त्याआधीच्या काळात कितीतरी जणांनी पासिंग करायचे सोडूनच दिले. आकडा इतका वाढला की भरण्यापेक्षा तशीच चालवणे परवडायला लागले. विना पासिंगची रिक्षा म्हणजे विम्याचाही भरवसा नाही, आणि तिच्यात शाळेची मुले बसतात. वसुलीचा आकडा माणसाच्या आवाक्याबाहेर गेला की तो कायद्याच्याच बाहेर जातो, हे मी दुकानात बसून डोळ्यांनी पाहिले आहे.

माझे मागणे मोठे नाही. गुन्हा घडल्यापासून १५ दिवसांत नोटीस निघाली नसेल तर ते चलन संगणकानेच रद्द करावे. माणसाला अर्ज करायला लावू नये. नोटीस आरसीवरच्या पत्त्यावर पोस्टानेही जावी, मराठीत जावी आणि तिच्यावर फोटो असावा. पोस्टाचा खर्च वाढेल, मान्य आहे, पण पाचशेच्या दंडात तेवढा खर्च निघतो. दुसऱ्या गुन्ह्याचा वाढीव दर पहिल्याची नोटीस पोहोचल्यानंतरच लागावा. मावशींना एवढे जरी मिळाले असते तरी गोष्ट पाचशेवर थांबली असती.

तक्रार बघायला माणूस द्या. हे मला सगळ्यांत महत्त्वाचे वाटते. प्रत्येक आरटीओत आठवड्यातून एक दिवस वाहतूक शाखेचा एक अधिकारी बसावा. राज्यातल्या कुठल्याही शहराचे चलन असो, फोटो उघडून बघण्याचा आणि उघड चूक दिसली तर तिथेच रद्द करण्याचा अधिकार त्याला असावा. छोट्या हत्तीवर हेल्मेटचे चलन आहे हे कळायला एक मिनिट लागते. रद्द करायचे नसेल तर त्याने कारण मराठीत लिहून सही करावी. सहीचा कागद हातात असला की माणूस हरला तरी शांत होतो.

मुदतीत न्यायालयात न गेलेली जुनी चलने एकदा बसून निवडा. जी न्यायालयात नेण्यासारखी आहेत ती उशिराचे कारण देऊन न्या, बाकीची काढून टाका. न्यायालयात दंड झाला तर तो दोन-तीन हप्त्यांत भरण्याची मुभा कायद्यात आधीपासून आहे. हातावर पोट असणाऱ्यांना ती मुभा आहे हे नोटिशीवरच छापा, कारण आज कुणालाच ते माहीत नाही. आणि रस्त्यात गाडी अडवून जुन्या चलनांची वसुली करणे थांबवा. शिपायाने समोर घडणारा गुन्हा बघावा. सिग्नल तोडून समोरून निघून जाणाऱ्याकडे पाठ करून तो मागच्या तीन वर्षांचा हिशेब करत उभा असतो, तेव्हा मला माझ्या बहिणीचे घर आठवते.

मावशींचे पुढे काय झाले ते लिहायचे राहिले. भिशी उचलून त्यांनी साडेनऊ हजार भरले. गिऱ्हाईक तोवर निघून गेले होते. डबे अजून स्कूटरवरच जातात, गाडी आता चौकापलीकडे लागते.

आणि माझ्या मोबाइलवर ज्यांची चलने येतात, अशा गाड्यांची यादी मी वहीत लिहून ठेवली आहे. सध्या त्यात चौदा नंबर आहेत, ज्यांचे मालक मला सापडलेले नाहीत. तुमच्याकडे त्यांचे पत्ते आहेत. ही यादी कुठल्या टेबलावर आणून द्यायची तेवढे कळवा, मी दुकान बंद ठेवून स्वतः येईन.

आपला,
आरटीओसमोरचा एक दुकानदार